मुदत संपलेले यंत्र

चालते यंत्र निकामी ठरवावे, हे व्यापारी मनाला सहसा पटत नाही. क्रोमबुक या लॅपटॉपच्या बाबतीत मात्र तसे वारंवार घडते. २०११ साली बाजारात आलेल्या या प्रकारच्या यंत्रांना गूगलकडून ठरावीक मुदतीपर्यंतच सुधारणा मिळतात. ही मुदत दहा वर्षांची करण्याचे २०२३ मध्ये जाहीर झाले खरे, पण तोवर कित्येक यंत्रे मुदतबाह्य होऊन गेली होती. पडदा उजळतो, कळा चालतात. सुरक्षेची दुरुस्ती तेवढी येईनाशी होते. अशा यंत्रावर बँकेचा व्यवहार करणे धोक्याचेच.

सांगलीतील हळदीच्या एका पेढीवर असेच एक क्रोमबुक पडून होते. घरची नात अभियांत्रिकी शिकणारी. तिने त्यावर लिनक्स बसवण्याचे मनात घेतले. परंतु नुसती प्रणाली बदलून भागत नाही. त्याखालचे फर्मवेअरही बदलावे लागते. पेढी उघडण्याआधी कुलपे काढून दिवा लावणारा माणूस असतो, तसा हा मदरबोर्डवरील लहानशा चिपमधील प्रोग्राम. तो आधी स्मृती आणि पडदा जागे करतो, मग प्रणालीला आत घेतो. क्रोमबुकमधील हा पहारेकरी आपल्या ओळखीच्यालाच दार उघडतो. त्याच्या जागी बसवायचे फर्मवेअर कोअरबूटवर आधारलेले असते. हा प्रकल्प १९९९ मध्ये अमेरिकेतील लॉस अलामोस प्रयोगशाळेत लिनक्सबायोस या नावाने सुरू झाला आणि आज कोणालाही विनामूल्य वापरता येतो.

आजोबांनी सारे ऐकून एकच प्रश्न केला, "बुडाले तर काय बुडेल?"

प्रश्न अचूक होता. डेव्हलपर मोड सुरू करताच यंत्रातील सर्व माहिती पुसली जाते. शोध घेतला तेव्हा तीन वर्षांच्या उधारीची यादी त्यातच निघाली, दुसरी प्रत कोठेही नाही! ती पेनड्राइव्हवर उतरवून कागदावर छापून घेईपर्यंत आजोबांनी पुढे हात लावू दिला नाही.

"आजोबा, मूळ फर्मवेअरचीही प्रत काढून ठेवते," नात म्हणाली. "बिघडले तर तीच परत बसवता येईल."

जुन्या क्रोमबुकमध्ये लेखनबंदी एका स्क्रूने होते. तो काढला की चिप लिहिण्यास मोकळी. या यंत्रात मात्र बॅटरीची वायर सोडवावी लागणार होती. म्हणजे लेखन चालू असताना यंत्र केवळ चार्जरच्या विजेवर. मध्येच वीज गेली तर चिप अर्धवट राहते आणि पडदा काळाच राहतो; मग चिपला बाहेरून चिमटा लावून प्रत परत भरणारा जाणकार शोधावा लागतो. म्हणून चार्जर पेढीच्या इन्व्हर्टरला जोडला गेला. काम काही मिनिटांचे, पण तेवढ्या वेळात काट्यावरच्या पोत्याकडे कोणाचेच लक्ष नव्हते.

लिनक्स सुरू झाले. देवनागरी उमटली, उधारीची यादीही उघडली. आवाज मात्र येईना. काही क्रोमबुकांत ही उणीव राहते, आणि नातीने ती आधीच सांगितली होती.

"हिशेबाला आवाज कशाला हवा?" असे म्हणत आजोबांनी यंत्र गादीवर आपल्याकडे ओढून घेतले.