ज्याची त्याची नेमणूक

टीव्हीवरच्या विनोदी मालिकेतल्या घरात कुणालाही सुधारायची मुभा नसते. एखादा चेंगट माणूस एका भागात चुकून दानशूर झालाच, तर पुढच्या आठवड्यापर्यंत त्याला मुकाट चेंगट व्हावं लागतं, नाहीतर लेखकाच्या पोटावर पाय. विसराळू बाई कायम विसरणार, थापाड्या कायम थापा मारणार. मागच्या भागात एकमेकांची इतकी अब्रू काढलेली ही माणसं या भागात त्याच सोफ्यावर बसून चहा पितात, आणि मागचं कुणाला काही आठवत नाही. माझ्या मते या मालिकांचं सगळं गुपित इथेच आहे. असलं कुटुंब खऱ्या आयुष्यात महिनाभर टिकणार नाही. पडद्यावर मात्र चार-चार वर्षं चालतं.

मला या माणसांचा नाद लागला तो 'चिमणराव' पाहून. सत्तरच्या दशकाची अखेर. जुन्या पनवेलमधल्या आमच्या वाड्यात टीव्ही एकट्या मालकांकडे, लाकडी सरकत्या दारांचा. मालिकेच्या वेळेला त्यांच्या ओटीवर इतक्या चपला जमायच्या की परत जाताना आपला जोड मिळाला तर नशीब. चि. वि. जोशींचा भित्रा, किडकिडीत चिमणराव दिलीप प्रभावळकरांनी केला होता आणि दांडगा गुंड्याभाऊ बाळ कर्व्यांनी. चिमणराव ज्याला घाबरणार त्याच्या अंगावर गुंड्याभाऊ धावून जाणार, आणि त्या धावण्याने झालेला घोटाळा परत चिमणरावालाच निस्तरावा लागणार. दोघांचे स्वभाव असे एकमेकांत अडकवलेले की एक काढला तर दुसरा पडावा.

वाड्यातले एक आजोबा मालिका चालू असताना अखंड बोलत. एकदा मी त्यांना म्हटलं, "आजोबा, तुम्ही गप्प बसा ना, गुंड्याभाऊ ऐकू येत नाहीये." सगळे हसले. काकू कौतुकाने म्हणाली, "आमची फटकळ आहे हो." झालं, माझी नेमणूक झाली. पुढे माझ्या चुलतभावाने त्याच आजोबांना याहून वाईट काहीतरी ऐकवलं, पण तो फटकळ ठरला नाही. जागा भरलेली होती. त्याला 'वांड' म्हणून दुसरीकडे सामावून घेण्यात आलं.

मग दूधवाल्याला "पाणी जास्त पडतंय हं" हे सांगायला मी. समोरच्या बिऱ्हाडात गेलेलं पुरणयंत्र दोन होळ्या झाल्या तरी परत आलं नाही, ते मागून आणायलाही मी. आईला भीड पडायची, काकूला संबंध जपायचे असायचे, आणि माझं काय, मी फटकळच. मोठ्या घरात स्वभाव ही अशी कामाची वाटणी असते. चिडके काका असतात कारण घराच्या वतीने चिडायला कुणीतरी लागतं. आमचे तसे होते. नगरपालिकेत जायचं तर त्यांनाच पाठवत. दादा भोळा, म्हणून त्याला कुणी कसला जाब विचारत नसे. आत्या हिशेबी, म्हणून बाकीच्यांना हात सैल सोडता येत असे.

आत्या गेली तेव्हा ही वाटणी मला फार स्पष्ट दिसली. जन्मभर उधळी म्हणून नावाजलेली काकू वर्षाच्या आत साखरेच्या डब्याला रबर लावून ठेवू लागली. तिचा स्वभाव बदलला असं सगळे म्हणाले. मला वाटलं, जागा रिकामी झाली होती आणि सेवाज्येष्ठता तिची होती.

या वाटणीचा पुरावा मला त्याआधीच 'हम पांच' पाहताना मिळाला होता. १९९५ साली झी टीव्हीवर ती सुरू झाली. अशोक सराफ आनंद माथुर, शोमा आनंद त्यांची दुसरी बायको बीना, आणि घरात पाच मुली. मीनाक्षी स्त्रीमुक्तीवाली, राधिका चष्मा लावणारी हुशार आणि कानाने अधू, स्वीटी सौंदर्यस्पर्धेची स्वप्नं पाहणारी, काजल तर सरळ 'भाई', आणि छोटी चुगलखोर. पाच मुली म्हणजे पाच खुर्च्या. यातली राधिका अमिता नांगिया आणि विद्या बालन अशा दोघींनी केली. चेहरा बदलला, चष्मा तोच. घरात एक हुशार मुलगी हवी, ती कोण हा प्रश्न दुय्यम.

पण त्या मालिकेचा जीव होता भिंतीवरच्या फोटोत. माथुरची दिवंगत पहिली बायको फ्रेममधून त्याच्याशी बोलायची, त्याची खेचायची. ती प्रिया तेंडुलकर. दहा वर्षांपूर्वी 'रजनी' होऊन हिनेच दुकानदारांना आणि सरकारी बाबूंना घाम फोडला होता. इथे तिला चौकटीत बसवलं तरी तोंड बंद झालं नव्हतं. आमची आजी नुकतीच गेली होती आणि टीव्हीच्या वरच तिचा हार घातलेला फोटो. घरात आजीची ख्याती अबोल म्हणून. एका रात्री मालिका बघता बघता आमचे आजोबा म्हणाले, "ही बघा, मेल्यावरसुद्धा बोलतेय. आमची जिवंतपणी बोलली नाही." आत्या तेव्हा होती. तांदूळ निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "बोलायची. तुम्ही ओसरीवर गेलात की तासन्‌तास बोलायची." पडद्यावर हशा झाला, तो आमच्याकडे कुणाच्या कानात शिरला नाही. आजोबांनी उठून आवाज वाढवला.

प्रियाचे वडील विजय तेंडुलकर. त्यांचं 'गिधाडे' मी कॉलेजात असताना वाचलं होतं. १९७० साली डॉ. श्रीराम लागूंनी ते रंगभूमीवर आणलं तेव्हा सेन्सॉरपासून प्रेक्षकांपर्यंत सगळीकडे खळबळ उडाली. बापाच्या पैशासाठी पोटची मुलं त्याच्या जिवावर उठतात असं ते घर. आता नीट पाहिलं तर लोभी भाऊ, खवचट बाप, आरडाओरडा करणारी बहीण, सोसणारी सून हा ऐवज विनोदी मालिकेचाच आहे. यातला एकेक जण उचलून कुठल्याही हसऱ्या मालिकेत बसवता येईल. फरक एवढाच की 'गिधाडे'मध्ये पुढचा आठवडा नाही. तिथे एकदा झालेलं झालेलं राहतं. वडिलांनी लिहिलेलं ते घर रंगभूमीवर आलं आणि मुलगी पंचवीस वर्षांनी फोटोतून दुसऱ्या एका बिघडलेल्या घराकडे बघून हसली. या योगायोगाकडे समीक्षकांचं लक्ष गेलं नसेल तर नवल नाही. ते 'हम पांच' कशाला बघतील!

पुढचा आठवडा नसलेली घरं मी पोटासाठी पाहिली. पनवेलमध्ये एका वकिलांच्या ऑफिसात मी बरीच वर्षं टायपिंग केलं. १९७० साली नवी मुंबई वसवायला सिडको आली, गावंच्या गावं संपादनात गेली. १९८४ च्या जानेवारीत जासई-दास्तानला शेतकऱ्यांवर गोळीबार झाला, माणसं गेली, आणि त्या लढ्यातून पुढे साडेबारा टक्के भूखंडाची योजना आली. नवी मुंबईच्या विमानतळाला ज्यांचं नाव द्यावं म्हणून पुढे आंदोलनं झाली ते दि. बा. पाटील त्या लढ्याचे पुढारी. ही झाली मोठी गोष्ट. तिची छोटी आवृत्ती आमच्या बाकड्यावर बसायची: वारस नोंद, फेरफार, सात-बारा, हक्कसोडपत्र.

पक्षकार माणसांची ओळख कशी करून देतात हे ऐकण्यासारखं असतं. "हा मोठा, हा हुशार आहे, म्हणून आम्ही फसलो." "ही आमची बहीण, गरीब गाय." "धाकटा पिणारा." एका वाक्यात माणूस संपला. गरीब गायीला नवी साडी नेसवून आणलेलं असायचं आणि सही कुठे करायची तिथे भाऊच बोट ठेवायचा. महाराष्ट्राने १९९४ सालीच मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलाच्या बरोबरीचा हक्क दिला होता, देशाने तो २००५ साली दिला. तरी बायका म्हणत, "भावाशी कशाला वाईट व्हायचं? माहेर उघडं राहू दे." मी मजकूर टाइप करून पुढ्यात ठेवायची. एकदा एका गरीब गायीने कागद हातात घेतला, सावकाश सगळा वाचला, आणि "माझ्या नावापुढे 'राजीखुशीने' लिहिलंय ते खोडा, मग सही करते," म्हणाली. भावाचा चेहरा असा झाला की जणू खुंटीवरची छत्री बोलली. वकीलसाहेबांनी शब्द खोडू दिला नाही. तिनेही त्या दिवशी सही केली नाही. माथुरच्या घरात पाच मुली, पण एकाही भागात वाटणीची गोष्ट निघाल्याचं मला आठवत नाही. निघाली असती तर काजलभाईच्या गुंडगिरीला हसू आलं असतं का, कोण जाणे.

लग्नानंतर मी नवीन पनवेलला आले, म्हणजे रुळांच्या पलीकडे. सासूबाई दादरच्या. दादरची चाळीतली खोली विकून इथे तीन खोल्यांचा फ्लॅट आला, पण त्या स्वतः आल्याच नाहीत. शरीर फक्त आलं. "आमच्या दादरला असं नसायचं" हे वाक्य भाजीपासून पावसापर्यंत सगळ्याला लागू. २००४ साली स्टार वनवर 'साराभाई व्हर्सेस साराभाई' आली आणि रत्ना पाठक शाह यांच्या मायाने सुनेला, मोनिषाला, 'मिडल क्लास' म्हणून पहिला चिमटा काढला, तेव्हा मी नवऱ्याकडे पाहिलं. नवऱ्याने टीव्हीकडेच पाहत राहणं पसंत केलं, अगदी सुमीत राघवनच्या साहिलसारखं. आई आणि बायको यांच्यामध्ये सापडलेला मुलगा सुमीतने इतका अचूक केला की त्याच्या वाट्याला विनोद कमी आले हे लक्षातही येत नाही. कफ परेडचा मजला आणि चांदीचे चमचे काढून टाकले तर आमच्याकडे रोजच साराभाई होते.

गंमत म्हणजे सासूबाईंना माया आवडायची नाही. "फार शिष्ट आहे बाई," म्हणायच्या. त्यांना आवडायचे 'श्रीयुत गंगाधर टिपरे'. ती अल्फा मराठीवर २००१ मध्ये सुरू झाली, दिग्दर्शक केदार शिंदे. ज्या प्रभावळकरांना मी चिमणराव म्हणून ओळखत होते ते आता आबा झाले होते. स्वतः साठीही न गाठलेला माणूस घरातला सगळ्यात म्हातारा झाला होता आणि एकदाही खोटा वाटला नाही. राजन भिसे शेखर, शुभांगी गोखले श्यामला, रेश्मा नाईक शलाका आणि विकास कदमचा शिऱ्या. बिघडलेलं कुटुंब म्हणावं असं हे घर नव्हतंच. भांडणं होती, कुरबुरी होत्या, पण कुणी एका स्वभावात गच्च बसवलेलं नव्हतं. मला त्याचं कारण मालिकेच्या मुळात दिसतं. ती प्रभावळकरांच्याच 'अनुदिनी'वर बेतलेली, आणि 'अनुदिनी' ही टिपऱ्यांच्या डायऱ्यांची पानं. ज्याला स्वतःची डायरी लिहायला मिळते त्याला घराने दिलेल्या एका शब्दात राहायची गरज उरत नाही.

सासूबाई डायरी लिहीत नसत, हिशेब लिहीत. त्या गेल्यावर वह्या रद्दीत घालताना मी चाळल्या. भाजीच्या आकड्यांपुढे बारीक अक्षरात शेरे होते. 'वांगी, इथली बरी.' 'वाल, दादरपेक्षा गोड.' पावसाळ्यातल्या एका पानावर, 'कर्नाळ्याला गेलो. छान.' तोंडाने त्यांनी कर्नाळ्याला चिखल म्हटलं होतं. माया साराभाईने गुपचूप मोनिषाच्या हातचं खाऊन पसंतीचा शेरा लिहिला असता तर मालिका त्याच दिवशी बंद पडली असती.

आता माझ्या मुलीच्या मोबाइलवर ही सगळी माणसं तुकड्यातुकड्यांनी येतात. साराभाईंच्या रोसेशची कविता दीड मिनिट, काजलभाईची दमदाटी एक मिनिट. मैत्रिणींमध्ये तू रोसेश, मी मोनिषा असं वाटून घेतात. मी विचारलं, "आणि मी कोण?" तिने क्षणही घेतला नाही. "तू मायाच ना." हे मला सपशेल अमान्य आहे.

गेल्या वर्षी वाडा डेव्हलपरकडे द्यायचं ठरलं आणि बैठक भरली. जुन्या पनवेलमध्ये असे वाडे आता थोडेच राहिलेत. मालकांच्याच ओटीवर सगळे बसलो. चिडके काका आता थकलेत. अख्ख्या बैठकीत त्यांनी दोनदा पाणी मागितलं आणि एकदा पंखा कमी करा म्हणाले. वांड चुलतभाऊ गुळगुळीत दाढी करून, फाइल सांभाळत बसला होता. भोळ्या दादाने खिशातून घडी घातलेला कागद काढला, त्यात प्रत्येकाचा कार्पेट एरिया, जुना-नवा, दशांश चिन्हासह मांडलेला. स्वतःचा जरासा जास्त. त्याला कुणी काही विचारलं नाही. तो भोळा आहे.

मग सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. माझा तिथे हिस्सा होता तेवढाच चुलतभावाचा होता, पण बोलायचं मी होतं. डेव्हलपरच्या माणसाला विचारलं, "भाडं तीस महिन्यांपर्यंतच देणार की ऑक्युपन्सी सर्टिफिकेट हातात पडेपर्यंत? आणि दादाच्या कागदावरची तिसरी ओळ कुणी मोजली?"

दादा कागदाची घडी घालू लागला. डेव्हलपरच्या माणसाने पेन खाली ठेवलं. "मॅडम, तुम्ही वकील आहात का?"

"नाही हो," काकू म्हणाली, "आमची फटकळ आहे."