तिसरा आठवडा

वसुबारस आली की माझा फोन एका प्रश्नासाठी वाजू लागतो. "मॅडम, पहिल्या आंघोळीला उटणं लावू का?" विचारणारी मुलगी सतरा-अठराची, फोन बहुतेकदा आईचा. सुरुवातीच्या वर्षांत मी "लावा की, सण आहे" म्हणून मोकळी व्हायचे. आता म्हणते, अंगाला हवं तेवढं लाव, चेहरा सोड. ती मुरुमांसाठी रोज रात्री चेहऱ्याला रेटिनॉइड लावत असते. त्या औषधाने कातडीचा वरचा थर हळवा झालेला असतो. त्यावर पहाटे तेल जिरवायचं आणि वर नागरमोथा-कचोऱ्याची भरड घासायची, म्हणजे भाऊबीजेच्या फोटोत पोरगी टोमॅटोसारखी. हळदीच्या गावात बसून उटण्याला नाही म्हणणं सोपं नसतं. सांगलीच्या हळदीला २०१८ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, त्याचा मलाही अभिमान आहे. माझं भांडण हळदीशी नाही, घासण्याशी आहे.

दवाखाना विश्रामबागेत, त्यामुळे वाट्याला येतात ती कॉलेजची पोरं. इथे विलिंग्डन १९१९ पासून आणि वालचंद १९४७ पासून. जून-जुलैत हॉस्टेलं भरली की ऑगस्टपर्यंत माझ्या बाकावर नवे चेहरे येतात, आणि प्रत्येकाचं निदान घरून झालेलं असतं. मेसचं तेल. बोअरचं पाणी. उष्णता. पोट साफ नाही. रक्त खराब आहे. "लग्न झालं की जातात," हे तर आजीपासून चालत आलेलं. एका मुलाने मला सांगितलं होतं, "मॅडम, आमच्या गावच्या रस्त्यावर टाकला नसेल एवढा मुरूम माझ्या तोंडावर आहे." तो हसत होता, पण तोंडाला रुमाल बांधूनच आत आला होता आणि खुर्चीत बसल्यावरही त्याने तो लगेच सोडला नव्हता.

या सगळ्या निदानांत एक गोष्ट समान असते. सगळ्यांना वाटतं, फोड आज सकाळी आला. तसं नसतं. त्वचेतल्या प्रत्येक बारीक केसाच्या नळीला तेलाची ग्रंथी जोडलेली असते. वयात येताना संप्रेरकांमुळे तेल वाढतं. पण तेल हा अर्धाच आरोपी. नळीच्या आतल्या भिंतीवरच्या पेशी झडून, तेलाबरोबर वाहून बाहेर यायला हव्यात. मुरुमं येणाऱ्या त्वचेत त्या सुट्या होत नाहीत, एकमेकींना चिकटून बसतात. मोरीच्या जाळीत केस अडकावेत तसं बूच बसतं. हे बूच डोळ्यांना दिसत नाही. मागे तेल साठतं. एरवी आपल्या सगळ्यांच्या त्वचेवर गुमान राहणारा क्युटिबॅक्टेरियम ॲक्नेस नावाचा जिवाणू त्या कोंडलेल्या जागेत फोफावतो, सूज येते, पू होतो. तुम्ही आरशात बघता तो या प्रकरणाचा शेवटचा अंक. पहिला कित्येक आठवडे आधी होऊन गेलेला असतो.

रेटिनॉइडचं काम त्या पहिल्या अंकात आहे. ते पेशीच्या केंद्रकापर्यंत जातं, तिथल्या ग्राहींना चिकटतं आणि पेशींना पुन्हा वेळेवर सुटं व्हायला लावतं. बूच सैल होतं, नवं बसत नाही. म्हणूनच ते फोडावर टिकली लावल्यासारखं लावायचं औषध नाही. जिथे आज काही दिसत नाही, तिथेही लावायचं.

ही मंडळी मूळची जीवनसत्त्व अ च्या घराण्यातली. अंगणवाडीत बाळाला नवव्या महिन्यात एक लाख युनिटचा गोड डोस पाजतात, मग पाच वर्षांपर्यंत दर सहा महिन्यांनी दोन लाखांचा, तो याच घराण्याचा. आपल्याकडे हा कार्यक्रम १९७० मध्ये सुरू झाला, मुलांचे डोळे वाचवण्यासाठी. पण अ कमी पडलं तर त्वचाही बोलते. कोपरा-गुडघ्यांवर केसांच्या मुळाशी खरखरीत खुंट उभे राहतात, बेडकाच्या पाठीसारखे. मिरजेच्या सरकारी वैद्यकीय महाविद्यालयात शिकताना ओपीडीत आमच्या सरांनी एका पोराच्या कोपरावरून माझा हात फिरवला होता आणि म्हणाले होते, "अ नसेल तर नळी बुजते. मग मुरुमांत नळी बुजते, तिथे अ दिलं तर?" जगातल्या डॉक्टरांनाही हेच सुचलं होतं. १९४० च्या दशकात मुरुमांसाठी अ जीवनसत्त्वाचे मोठाले डोस तोंडाने दिले गेले. पण मोठ्या डोसांना विषबाधेची भीती. मग अ चं आम्लरूप, ट्रेटिनॉइन, वरून लावून बघायला सुरुवात झाली. जर्मनीत गुंटर श्टुटगन यांनी ते १९६२ मध्ये खवल्यांच्या त्वचाविकारांवर वापरलं. मुरुमांवर ते बसवलं फिलाडेल्फियाच्या अल्बर्ट क्लिगमन यांनी. त्यांचा व सहकाऱ्यांचा शोधनिबंध १९६९ चा, आणि १९७१ मध्ये अमेरिकेत परवानगी मिळाली.

क्लिगमनचं नाव मी विद्यार्थ्यांना सांगते तेव्हा होम्सबर्गचंही सांगते. फिलाडेल्फियाच्या त्या तुरुंगात १९७४ पर्यंत कैद्यांच्या कातडीवर प्रयोग चालले, कर्तेधर्ते हेच, आणि ट्रेटिनॉइनच्या चाचण्यांशीही त्या भिंती जोडलेल्या आहेत. औषध चांगलं आहे म्हणून ते कुठून आलं हे विसरायचं, हे मला जमत नाही.

आता तिसऱ्या आठवड्याकडे येते.

रेटिनॉइड सुरू केलं की पहिले काही आठवडे बऱ्याच जणांचा चेहरा आधीपेक्षा वाईट दिसतो. आत दबलेली बुचं वर येतात, कातडी कोरडी पडते, पापुद्रे सुटतात, पाणी लावलं तरी झोंबतं. खरा फरक दिसायला बारा आठवडे लागतात. म्हणजे ज्या दिवशी पेशंटचा धीर सुटतो, त्या दिवशी औषध नेमकं कामाला लागलेलं असतं. हे मला पुस्तकातून माहीत होतं. सांगायला हवं हे माहीत नव्हतं.

प्रॅक्टिसच्या दुसऱ्या वर्षी शिराळ्याकडची एक मुलगी आली होती, हॉस्टेलला राहणारी, गालांवर दाट फोड. बाहेर गर्दी होती. मी चिठ्ठीवर ट्रेटिनॉइनचं नाव लिहिलं, पुढे 'रात्री', आणि पुढची बेल दाबली. दोन मिनिटं झाली नसतील. ती परत आली आठ महिन्यांनी, आणि मी तिला ओळखलं नाही. गाल लालभडक, कातडी इतकी पातळ की बारीक रक्तवाहिन्यांची जाळी दिसावी, कानशिलापासून खाली लव उगवलेली, आणि त्यावर एकसारखे टाचणीच्या डोक्याएवढे फोड. पर्समधून तिने एक ट्यूब काढली. टूथपेस्टसारखी खालून गुंडाळत आणलेली, शेवटचा थेंब काढण्यासाठी मधोमध कापलेली. स्टेरॉइड. "तुमच्या क्रीमने तोंड भाजलं. मैत्रिणीने ही दिली. दोन दिवसांत गोरी झाले होते, मॅडम." माझी क्रीम ती दिवसातून दोनदा, जाड थर देऊन लावत होती. तसं करू नकोस, हे तिला कोणी सांगितलं होतं? तिची ती सवय सोडवायला जवळजवळ वर्ष गेलं. ट्यूब बंद केली की चेहरा पेटायचा, लावली की शांत व्हायचा. दोष दुकानदारावर टाकायला सोपा आहे. पहिली चूक माझ्या टेबलावर झाली होती.

स्टेरॉइड मलम लबाड आहे, कारण ते पहिल्या दोन दिवसांत खरोखर काम केल्यासारखं दिसतं. लाली उतरते, सूज बसते, रंगही उजळतो. मार्च २०१८ मध्ये केंद्र सरकारने अशी १४ स्टेरॉइडं डॉक्टरच्या चिठ्ठीशिवाय विकायची नाहीत असं ठरवलं. कागदावर. यातला मला सगळ्यात बोचणारा भाग वेगळा आहे. १९७५ मध्ये क्लिगमन यांनीच एक मिश्रण सुचवलं होतं, ट्रेटिनॉइन, हायड्रोक्विनोन आणि डेक्सामेथासोन, डाग फिके करण्यासाठी. डॉक्टरच्या देखरेखीखाली, ठरावीक दिवस. आपल्याकडे त्याच धाटणीच्या, मोमेटासोन घातलेल्या ट्यूबा गोरं होण्याची क्रीम म्हणून घरोघर गेल्या. म्हणजे माझं औषध आणि माझा शत्रू एकाच ट्यूबमध्ये, आणि "आम्ही रेटिनॉइड वापरून पाहिलं, त्रास झाला" असं पेशंट सांगतो तेव्हा तो खोटंही बोलत नसतो.

आता मी वेळ घेते. सहायिकेकडून साधं मॉइश्चरायझर मागवते आणि पेशंटच्याच बोटावर वाटाण्याएवढं काढून दाखवते. 'वाटाण्याएवढं' नुसतं तोंडी सांगून एकदा फसले आहे. एका गृहस्थांनी उसळीला भिजवलेला वाटाणा धरला होता. कोरडा वाटाणा, आणि तो सगळ्या चेहऱ्याला. कपाळ, दोन गाल, नाक, हनुवटी असे पाच ठिपके, मग पसरायचं. डोळ्यांच्या, नाकपुड्यांच्या आणि ओठांच्या कडा सोडायच्या. तोंड धुऊन, पूर्ण कोरडं होऊ देऊन. पहिले पंधरा दिवस आठवड्यातून दोनच रात्री, मग एकाआड एक, मग सोसलं तर रोज. फार हुळहुळलं तर आधी मॉइश्चरायझर, मग औषध, पुन्हा मॉइश्चरायझर. सुरुवातीला मी बहुतेकांना ॲडापलीन देते. ते १९९६ चं, सौम्य आणि उजेडात टिकणारं. अमेरिकेत २०१६ पासून चिठ्ठीशिवाय मिळतं. ट्रेटिनॉइन उजेडात निकामी होतं, म्हणून ते रात्रीचंच. दिवसा सनस्क्रीन. आपल्या गव्हाळ-सावळ्या कातडीत फोड गेला तरी काळा डाग महिनोन्‌महिने राहतो, आणि ऊन त्याला खतपाणी घालतं.

आणि चिठ्ठीवर मोठ्या अक्षरात लिहिते: 'तिसऱ्या आठवड्यात बिघडल्यासारखं वाटेल. बंद करण्याआधी फोन.' खूप फोन येतात.

तीव्र मुरुमांत मात्र एकट्या क्रीमवर विसंबायचं नसतं. खोल, दुखऱ्या गाठी, एकमेकींत मिसळलेल्या, छाती-पाठीवर उतरलेल्या. मागे खड्डे ठेवून जाणाऱ्या. तिथे रेटिनॉइडबरोबर बेन्झॉइल पेरॉक्साइड, तोंडाने डॉक्सिसायक्लिन, तेही तीन-चार महिनेच, आणि एवढ्याने न भागलं किंवा खड्डे पडायला लागले तर आयसोट्रेटिनॉइनच्या गोळ्या. याच घराण्यातला हा थोरला. १९८२ पासून वापरात आहे, आणि गर्भातल्या बाळाला इतकं घातक औषध माझ्या कपाटात दुसरं नाही. गोळ्या चालू असताना आणि थांबवल्यावर महिनाभर दिवस राहता कामा नयेत. गर्भवतीला क्रीमही मी देत नाही.

म्हणून मुलींच्या बाबतीत मला एक प्रश्न विचारावाच लागतो, आणि तो आईसमोर विचारता येत नाही. "आई, जरा बाहेर काउंटरवर फाइलवर पत्ता लिहून देता?" दार लागलं की मी खुर्ची जवळ ओढते. बहुतेक जणी मान हलवतात. एखादी बोलते, मग आम्ही दोघी गर्भनिरोधकाचं बोलतो. आईशी होणारं बोलणं निराळं. "तुळशीचं लग्न झालं की बघायला येणार आहेत, तोवर होईल ना?" मग मी कॅलेंडर उघडते आणि गोळ्यांचे महिने बोटांवर मोजते. लग्न मेमध्ये धरलं तर एप्रिलच्या आधी संपायला हवं, आत्ताच सुरू केलं तर पाच-सहा महिने मिळतात. माऊलीला चेहरा हवा असतो, मला तारखा.

परवा वालचंदच्या हॉस्टेलचा एक मुलगा बाराव्या आठवड्याच्या तपासणीला आला. तिसऱ्या आठवड्यात त्याने मला सहा फोन केले होते, शेवटचा रात्री साडेअकराला. आता कपाळ साफ होतं, गालावर डाग उरले होते, रुमाल नव्हता. कसं वाटतंय विचारलं, तर बॅगेतून त्याने निळा अभ्रा काढून टेबलावर पसरला. बेन्झॉइल पेरॉक्साइडने रंग उडतो, हे मी चिठ्ठीवर लिहायला विसरले होते. मधोमध त्याच्या गालाच्या आकाराचा पांढरा डाग पडला होता.

"आईला काय सांगू, मॅडम? सेट नवीन होता."