कंसातली माणसं

सातबाऱ्यावरचं नाव कमी करायचं झालं की पूर्वी त्याला कंस करायचे. दोन वाकड्या रेघा, आत नाव, शेजारी फेरफाराचा नंबर. आतला माणूस वाचता यायचा, फक्त त्या जमिनीपुरता तो आता नसायचा. हरसूलच्या बाजारात चहाच्या टपरीवर एका आजोबांनी प्लॅस्टिकच्या पिशवीतून असा जुना उतारा काढून माझ्यापुढे धरला. मला वाटलं, वाचून दाखवायचाय. त्यांनी कंसावर बोट ठेवलं आणि म्हणाले, "हा माझा बाप."

चहा आला, उतारा परत पिशवीत गेला.

महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ चं कलम १५७ म्हणतं की अधिकार अभिलेखातली नोंद, उलट शाबीत होईपर्यंत किंवा तिच्या जागी रीतसर नवी नोंद येईपर्यंत, खरीच मानायची. म्हणजे आधी कागद, मग शेत; कागद बदलला की शेताचा इतिहासही बदलतो. जयंत नारळीकरांना 'गंगाधरपंतांचे पानिपत'मध्ये इतिहास बदलायला केवढा खटाटोप करावा लागला! एक अपघात, एक समांतर जग, आणि १४ जानेवारी १७६१ रोजी विश्वासरावांना न लागलेली गोळी. त्या कथेत मला लढाईपेक्षा गंगाधरपंतांच्या खिशात राहून गेलेलं बखरीचं पान जास्त आवडतं. इकडे त्र्यंबकेश्वर तालुक्यात गाव नमुना सहा, म्हणजे फेरफाराची नोंदवही, पुरते. नोंद घातली जाते, नोटीस निघते, मुदतीत हरकत आली नाही की नोंद प्रमाणित होते. ज्याला नोटीस वाचता येत नाही, त्याची हरकत कुठून यायची?

जग बदलायची दुसरी एक रीतही याच पट्ट्यात आहे: होळी उलटली की बोहाडे, म्हणजे मुखवट्यांच्या सोंगांचे उत्सव, लागतात. हरसूल, पेठ, पलीकडे मोखाडा, जव्हार. रात्री सांबळ घुमायला लागतो, पिपाणी त्याच्यावर चढते आणि गल्लीच्या टोकाकडून गणपती नाचत येतो. मग सरस्वती. मग रात्र चढेल तशी त्राटिका, वेताळ, रावण, नरसिंह. मुखवटे लाकडाचे नाहीतर कागदाच्या लगद्याचे, डोक्याला फडक्यांनी आवळून बांधलेले. मला लगद्याचे आवडतात. फायबरच्या मुखवट्याला चकाकी फार आणि वजन नाही. वजनाशिवाय रावण नीट नाचत नाही. ट्यूबलाइटनेही अर्धा रावण खाल्लाय, टेंभ्याच्या उजेडात तो चांगला दोन हात उंच व्हायचा. शहरातल्या महोत्सवांत रंगमंचावर दहा मिनिटांत बोहाडा उरकतात, तो तर पाहूच नये.

कित्येक गावांत कुठलं सोंग कुठल्या घराचं, हे आज्या-पणज्यापासून ठरलेलं असतं. त्याची नोंद कुठल्याच नमुन्यात नाही, आणि तरी त्याला कुणी हरकत घेतल्याचं मी ऐकलेलं नाही. सोंग घेणारा दिवसा दिंडोरीकडे कुणाच्या द्राक्षबागेत मजुरी करून आलेला असतो. रात्री बायका त्यालाच ओवाळतात, लेकरू त्याच्या पायावर घालतात. बाजूला पोरं कुजबुजत असतात, हा आपला काकाच, पाय टाकायची ढब बघ! देव खरा, काकाही खरा. फसवलेलं कुणी नसतं, म्हणून चिडलेलंही कुणी नसतं. शेवटी देवी आणि महिषासुराची लढाई होते. उजाडतं. गाठी सुटतात, कपाळावर फडक्यांचे वळ उठलेले दिसतात, आणि मघाचा नरसिंह कुणाकडे तरी तंबाखू मागतो.

रात्रभर जग दुसरंच करून सकाळी ते जागच्या जागी ठेवणारी ही माणसं. कल्पनेला त्यांचा विरोध असायचं कारण नाही. पण कागदाने घेतलेलं सोंग सकाळी उतरत नाही. ते उतरवायला अपील लागतं, वकील लागतो, नाशिकच्या खेपा लागतात, आणि त्या दिवसाची मजुरी बुडते.

आपल्या कायद्यांत एक जागा मात्र मला फार शहाणी वाटते. वनहक्क कायदा २००६ चा, नियम २००८ चे. जंगलजमीन आपण कसत होतो हे दाखवायला काय काय चालेल, त्याची यादी नियमांत दिली आहे. तीत सरकारी कागद आहेतच. शिवाय घरं, बांध, विहिरी आहेत, दफनाच्या जागा आणि देवस्थानं आहेत. आणि दावेदार सोडून गावातल्या इतर वडीलधाऱ्यांनी सांगितलेलं, लिहून घेतलेलं म्हणणंही आहे. म्हणजे म्हातारीने "मी याच्या बापाला इथं नागली पेरताना पाहिलंय" म्हटलं, तर ते नुसतं ऐकून सोडायचं नाही, पुरावा म्हणून मोजायचं. आधीपासून कसत असल्याची कायद्यातली तारीख १३ डिसेंबर २००५. त्या दिवशी जी माणसं साठीची होती, ती आता ऐंशीच्या घरात आहेत.

तेव्हा ज्यांच्या टेबलावर हे दावे पडून आहेत त्यांना एवढंच सांगणं: फाइल पुढच्या वर्षीही टिकेल, साक्षीदार टिकतीलच असं नाही. त्यांना आधी ऐका.