थांबा नसलेलं गाव

हॉप-ऑन हॉप-ऑफ बसचं तत्त्व सोपं आहे. सकाळी एकदा तिकीट काढायचं, ते दिवसभर चालतं. बस ठरलेल्या मार्गावर फेऱ्या मारत राहते. आवडेल त्या थांब्यावर उतरा, हवं तेवढं हिंडा, मग मागून येणारी पुढची बस पकडा. लंडन-पॅरिससारख्या शहरांत या बस जुन्याच. आता त्या द्राक्षांच्या प्रदेशांतही फिरतात. कारण उघड आहे: चार ठिकाणी वाइन चाखलेल्या माणसाने गाडी चालवू नये. दक्षिण आफ्रिकेतल्या फ्रान्शहुकमध्ये तर २०१२पासून ट्राम आणि बस जोडून हीच सोय केलेली आहे.

या बसमध्ये बसलं की आपण मोकळे आहोत असं वाटतं. गाइड नाही, शिट्टी नाही, ‘पाच मिनिटांत सगळे परत या’ नाही. पण कुठे उतरायचं एवढंच आपल्या हातात असतं. कुठे उतरायची सोयच नाही, हे आधीच कुणीतरी ठरवून ठेवलेलं असतं. मी सॉफ्टवेअर लिहितो, त्यामुळे हे मला लगेच कळायला हवं होतं. वापरणाऱ्यासमोर चार बटणं ठेवली की तो चारांतून निवडतो आणि खूश होतो; पाचवं बटण का नाही, असं सहसा कुणी विचारत नाही. गेल्या जूनमध्ये ते माझ्या वडिलांनी विचारलं.

आम्ही त्यांना नाना म्हणतो. निफाड तालुक्यात आमची साडेचार एकर द्राक्षबाग आहे. मी जर्मनीत कार्ल्सरूहला नोकरी करतो. गायी सोडून दोघांना एकदम घराबाहेर पडता येत नाही, म्हणून पहिल्या खेपेला नाना एकटेच आले. आठवडाभर त्यांनी माझं ऑफिस, ट्राम आणि सुपरमार्केटमधल्या द्राक्षांचे भाव पाहिले. मग मी त्यांना सीमेपलीकडे, फ्रान्समधल्या अल्सासला न्यायचं ठरवलं. नाना माळकरी. वाइनच्या प्रदेशात माळकरी माणसाला फिरवणं जरा विचित्र होतं, पण त्यांना पेल्यात काय आहे ते पाहायचं नव्हतं, वेलीवर काय आहे ते पाहायचं होतं.

अल्सासच्या एका बाजूला ऱ्हाइन नदी आणि तिच्या पलीकडे जर्मनी, दुसऱ्या बाजूला व्होजचे डोंगर. पश्चिमेकडून येणारे ढग व्होजवर अडतात, त्यामुळे पूर्वेच्या पायथ्याला पाऊस कमी पडतो. कोलमार हे फ्रान्समधल्या सगळ्यांत कोरड्या शहरांपैकी एक आहे. “म्हणजे घाटमाथ्यावर पाऊस आणि निफाडला ऊन, तसंच की,” नाना म्हणाले. याच पायथ्याला रीसलिंग, गेवुर्त्सट्रामिनर, पिनो ग्री अशा जातींच्या बागा आहेत आणि त्यांच्यामधून १७० किलोमीटरचा ‘वाइन मार्ग’ जातो. १९५३मध्ये तो पर्यटकांसाठी जाहीर झाला. कोलमारहून निघणारी आमची बस त्यातल्या एका तुकड्यावर फिरत होती.

पहिला थांबा एगिसहाइम. हे गाव वर्तुळात वसलेलं आहे. मधल्या चौकाभोवती घरांची गोल गोल कडी. लाकडी चौकटींची रंगीत घरं, खिडक्यांत फुलं, छपरावर करकोच्यांची घरटी. २०१३मध्ये फ्रेंच लोकांनी टीव्हीवरच्या एका कार्यक्रमात याला देशातलं सगळ्यांत आवडतं गाव म्हणून निवडलं. नानांनी एक फेरी मारली आणि म्हणाले, “गणपतीत देखावा करावा तसं दिसतंय.” त्यात कौतुक होतं, पण थोडी शंकाही होती. एका तळघरात त्यांनी माझ्या हातातला पेला घेऊन नुसता वास घेतला, डोळे मिटले आणि म्हणाले, “लिची.” गेवुर्त्सट्रामिनरच्या वासाचं वर्णन करताना सगळे लिचीचंच नाव घेतात. त्यांना ते कुणी सांगितलं नव्हतं.

दुसरा थांबा केझर्सबर्ग. आल्बर्ट श्वाइट्झर इथे १८७५मध्ये जन्मले. दगडी पूल, वर पडका किल्ला, पुन्हा रंगीत घरं. तिथून बस रिकवीरकडे निघाली आणि वाटेत नाना खिडकीला चिकटले. दोन्ही बाजूंना बागाच बागा. एका टेकडीवर फ्रान्सचा झेंडा दिसला. मग एक गाव आलं. रस्ते रुंद आणि सरळ, घरं साधी, गिलावा केलेली, एकाच वयाची. एकही लाकडी चौकट नाही. बस थांबली नाही. कानातल्या यंत्रात संगीत वाजत होतं.

“हे गाव नवीन आहे का रे?” नानांनी विचारलं. “धरणात गेलेल्या गावाचं पुनर्वसन केल्यासारखं दिसतंय.”

मी फोनवर शोधलं. नानांचा अंदाज फारसा चुकला नव्हता. अल्सास १८७१ ते १९१८ जर्मनीत होतं, मग फ्रान्समध्ये आलं, १९४०मध्ये हिटलरने ते पुन्हा जर्मनीला जोडलं. १९४४च्या डिसेंबरात फ्रेंच आणि अमेरिकी फौजा इथवर पोचल्या, पण कोलमारभोवतीचा टापू जर्मनांनी सोडला नाही. ती लढाई फेब्रुवारी १९४५पर्यंत चालली. त्यात आमरश्वीर, सिगोल्सहाइम, बेनवीर, मिटलवीर ही ओळीने असलेली गावं जवळजवळ जमीनदोस्त झाली. झेंड्याची ती टेकडी म्हणजे सिगोल्सहाइमचं लष्करी कब्रस्तान; मोरोक्को-अल्जीरियाहून आलेले शेकडो सैनिकही तिथे आहेत. आणि यांच्यापासून चालत जाण्याच्या अंतरावर असलेलं रिकवीर जवळपास जसंच्या तसं वाचलं.

म्हणजे आमच्या बसचे थांबे आणि न-थांबे काही प्रमाणात १९४४च्या त्या हिवाळ्यातच ठरले होते. ज्या गावावर तोफा फारशा पडल्या नाहीत ते सुंदर राहिलं, तिथे बस थांबते. ज्याच्यावर पडल्या ते काचेतून दिसतं. गाव चांगलं की वाईट याचा त्यात काही संबंध नाही.

रिकवीरला उतरल्यावर नानांनी तटबंदी पाहिली, १२९१मध्ये बांधलेला डोल्डर बुरूज पाहिला, बिस्किटांच्या दुकानातून घरच्यांसाठी डबा घेतला आणि विचारलं, “मघाचं गाव किती लांब आहे?” तीनेक किलोमीटर. “मग चल की. पुढची गाडी राहू दे.”

बागांमधून जाणाऱ्या वाटेने आम्ही खाली निघालो. नानांचा दिवस तिथे सुरू झाला. वेलीला फुलोरा होऊन गेला होता, मणी बाजरीएवढे होते. “आपल्याकडे ही अवस्था दिवाळीनंतर,” ते म्हणाले. आपल्याकडे वर्षातून दोनदा छाटणी, इथे थंडीत वेल झोपते म्हणून एकदाच. दोन काड्या ठेवून त्या कमानीसारख्या वाकवून तारेला बांधल्या होत्या. नानांनी बुंध्याजवळ माती बाजूला करून कलमाची गाठ शोधली. सापडल्यावर त्यांना ओळखीचा माणूस भेटल्यासारखा आनंद झाला. युरोपातल्या बागा एकोणिसाव्या शतकात मुळं खाणाऱ्या फायलोक्सेरा किडीने बसवल्या, तेव्हापासून त्यांची वेलही अमेरिकी खुंटावरच उभी आहे. आमची थॉमसन डॉगरिजवर असते. तोही मूळचा अमेरिकेचाच. बुंध्याच्या जाडीवरून ही बाग चाळिशीची असेल, असं नाना म्हणाले. आम्ही बारा-पंधरा वर्षांत बाग काढतो.

बाग काढण्याचा विषय निघाला की आमच्या घरात एक जागा येते, जिथे सगळे गप्प होतात. महाराष्ट्र सरकारने २००१मध्ये द्राक्ष प्रक्रिया उद्योगाचं धोरण आणलं. विंचूरला वाइन पार्क झाला. वायनऱ्या उभ्या राहिल्या, त्यांची माणसं बांधावर येऊ लागली. नानांनी एका वायनरीशी लेखी करार करून एक एकर शिराज लावली. दोन हंगाम माल गेला, पैसे आले. मग मंदी आली, टाक्या भरलेल्या राहिल्या, आणि एका वर्षी वायनरीने फोन उचलणं बंद केलं. मी तेव्हा सातवीत होतो. वाइनच्या द्राक्षाचा त्रास असा की ते दुसरीकडे कुठे चालत नाही. मणी बारीक, साल जाड, आत बिया. बाजारात कोणी खात नाही, बेदाणाही होत नाही. थॉमसनचा भाव पडला तर माणूस कमी पैशांत तरी विकतो. शिराज घेणारा एकच असतो, आणि तो नाही म्हणाला की विषय संपतो. घड वेलीवर सुकले. नानांनी ट्रॅक्टर लावून वेली उपटल्या. त्या काळात नाशिक जिल्ह्यात अनेकांनी तेच केलं.

मिटलवीर ओलांडून आम्ही बेनवीरला पोचलो. रस्त्यावर एक म्हातारा सायकलवरून गेला, बाकी शांतता. चर्च नवीन, काँक्रीटचं, एका बाजूची भिंतच्या भिंत रंगीत काचांची. त्याच्यापेक्षा नानांचं लक्ष एका मोठ्या, अजिबात सुंदर नसलेल्या इमारतीकडे होतं. “ही सोसायटी असणार,” ते म्हणाले. ती सोसायटीच होती. गावातल्या बागायतदारांची सहकारी वायनरी.

आत काउंटरवर एक बाई होत्या. माझं फ्रेंच मोडकं, त्यांचं जर्मन उत्तम. अल्सासमध्ये जुन्या पिढीची घरातली बोली जर्मनच्या कुळातलीच आहे. त्यांनी सांगितलं ते मी नानांना मराठीत सांगत गेलो. युद्धाआधी इथे प्रत्येकाच्या घराखाली स्वतःचं तळघर, स्वतःची पिंपं. घरं गेली, तळघरं गेली, पिंपं गेली. एकेकट्याने ते सगळं पुन्हा उभं करणं शक्य नव्हतं. म्हणून १९४६मध्ये लोकांनी मिळून एकच तळघर बांधलं. सहकाराची कल्पना या भागात नवी नव्हती. जवळच्या रिबोव्हिलेमध्ये १८९५पासून अशी संस्था होती. पण इथे ती हौसेने नाही, नाइलाजाने आली.

नानांनी काढलेल्या प्रश्नांत वाइन कुठेच नव्हती. भाव कधी ठरतो? पैसे एकरकमी की हप्त्याने? चांगला माल आणि साधा माल एकाच भावाने जातो का? हप्त्याने, बाई म्हणाल्या, आणि भाव प्रतीप्रमाणे. मग नानांनी शेवटचा प्रश्न विचारला, आणि भाषांतर करताना माझा आवाज जरा बदलला. “यांना विचार, एखाद्या वर्षी खप नसला तर माल परत पाठवतात का?”

बाईंना प्रश्न नीट कळेना. मी पुन्हा विचारला. मग त्या म्हणाल्या, सभासदाने करारातली सगळी द्राक्षं संस्थेलाच घालायची असतात आणि संस्थेने ती घ्यायचीच असतात. भाव कमी मिळेल, प्रत वाईट असली तर कापतील. पण दारातून परत कशी पाठवणार? संस्था म्हणजे तेच लोक.

नाना काही बोलले नाहीत. त्यांनी द्राक्षाच्या रसाची एक बाटली विकत घेतली आणि बाहेर येऊन पायरीवर बसले. बऱ्याच वेळाने म्हणाले, “तोफा पडून गाव गेलं तरी यांची बाग राहिली. आपल्याकडे तोफबीफ काही पडली नाही, तरी बाग गेली.”

मी हिशेबी माणूस आहे, म्हणून त्यांना दुसरी बाजूही सांगितली. फ्रान्समध्ये सरकारचा आधार मोठा आहे, अल्सासच्या वाइनला नाव आहे, बाटलीत कुठली द्राक्षं असावीत याचे कायदे आहेत. आणि सहकार आपल्याकडेही आहेच. प्रवरेचा साखर कारखाना १९५०चा. त्यातले किती कारखाने कोणाच्या खिशात गेले तेही तुम्ही पाहिलंय. नाना म्हणाले, “ते खरंय. पण कारखान्यात ऊस नाकारला तर आपण गेटवर जाऊन बसतो. कारण तो आपला असतो. वायनरीच्या गेटवर कोणत्या तोंडाने बसणार?”

चालत रिकवीरला परत आलो तेव्हा शेवटच्या बसला वीस मिनिटं होती. ती रिबोव्हिलेला थांबली, पण नाना उतरले नाहीत. त्यांनी डोळे मिटून घेतले होते.

पर्यटकाला बेनवीर दाखवलं नाही म्हणून बस कंपनीवर रागावण्यात अर्थ नाही. दिवसाच्या तिकिटात लोकांना फुलांच्या खिडक्याच हव्या असतात. मलाही हव्या होत्या. शिवाय बेनवीरमध्ये फोटो काढण्यासारखं काय आहे? एक करार, जो दिसत नाही. त्याला थांबा देता येत नाही. पण त्या रस्त्यावरची रंगीत गावं आणि साधी गावं ज्या बागांच्या मधोमध उभी आहेत, त्या बागा अशा न दिसणाऱ्या करारांवर टिकलेल्या आहेत, हे मला चार थांबे फिरून कळलं नसतं.

सध्या नाशिकमध्येही वाइन पर्यटन जोरात आहे. शनिवार-रविवारी गाड्या येतात, लोक बागेत फोटो काढतात, उद्या त्यांच्यासाठी अशी बसही निघेल. निघावी. आमच्या गावाला थांबा मिळाला तर आई पापड विकेल, असं ती आत्ताच म्हणते. नाना मात्र गावात लोकांना एगिसहाइमचे फोटो दाखवत नाहीत. ते बेनवीरची गोष्ट सांगतात, तीही तपशिलात न चुकता, हप्त्यांसकट. या हंगामाआधी पुन्हा एका वायनरीचा माणूस बांधावर आला होता. नानांनी त्याला चहा दिला आणि विचारलं, खप नसेल त्या वर्षीही सगळा माल घ्याल, असं लिहून देता का? तो म्हणाला, साहेबांना विचारून सांगतो.

पुढच्या महिन्यात आमच्या पाटाच्या कडेच्या सात बागायतदारांनी मारुतीच्या देवळात बसायचं ठरवलं आहे. विषय एकच: नको असलेल्या वर्षी माल कोण घेणार. उत्तर अजून कुणाकडे नाही. नानांनी मला तेवढ्यापुरतं एक काम लावलं आहे. फ्रेंच सहकारी संस्थेच्या सभासद कराराचा नमुना शोधून त्याचं मराठी करून पाठवायचं. मी रोज रात्री थोडं थोडं करतो आहे.