चौफुल्याची टिपणे

ज्या केडगावात पंडिता रमाबाईंनी मुक्ती मिशन उभारले व 1922 साली देह ठेवला, त्याच्याच शिवेलगत, पुणे-सोलापूर हमरस्त्यावरील चौफुल्याच्या कलाकेंद्रांत संगीत बारीच्या पार्ट्या, म्हणजे गाणाऱ्या-नाचणाऱ्या कलावंतिणींचे ताफे, रात्री उशिरापर्यंत जाग्या असतात, हा योगायोग मी पटकथेत योजला असता, तर कोणत्याही निर्मात्याने तो कृत्रिम म्हणून नामंजूर केला असता.

मी मात्र येथे कथा रचण्यास नव्हे, टिपणे घेण्यास येतो. ढोलकी फडाच्या तमाशात गण, गौळण, वग असा क्रम असतो. याउलट संगीत बारीत प्रत्येक पार्टी आपली पाळी येताच पेटी, तबला व ढोलकीच्या साथीने केवळ गायन आणि नृत्य रुजू करते. खरी कसोटी बैठकीची: गायिका बसल्या जागी एकच ओळ घोळवीत राहते आणि दर खेपेस केवळ भुवईच्या, मनगटाच्या हालचालीने त्या ओळीचा निराळा अर्थ लावते. पटकथेच्या कागदावर भुवईसाठी रकाना नसतो!

भूषण कोरगावकरांनी 'संगीत बारी' या ग्रंथात या कलावंतिणींची कैफियत आस्थेने मांडली आहे. आमच्या चित्रपटांनी मात्र फेटे, शिट्ट्या आणि दौलतजादा यांवरच बहुधा समाधान मानले. तमाशापट लिहू इच्छिणाऱ्यांनी आधी येथे येऊन मुकाट्याने एक बैठक ऐकावी.