मीरा रोड ते चर्चगेट : कानांसाठी केलेली एक खरेदी

यंदा मुलीला चर्चगेटच्या कॉलेजात प्रवेश मिळाला आणि आमच्या घरात एकाच दिवशी दोन मागण्या आल्या. एक रेल्वेच्या तिमाही पासाची आणि दुसरी इअरबड्सची. पासाला आम्ही लगेच होकार दिला. दुसऱ्या मागणीवर मात दोन दिवस घरात कोणी नीट बोलले नाही.

त्याला कारण होते. मागच्या पावसाळ्यात आमचा मुलगा मीरा रोडच्या फलाटावर कडेला उभा होता. दोन्ही कानांत इअरबड्स, आवाज भरपूर मोठा, नजर मोबाइलमध्ये. न थांबणारी एक मेल गाडी भोंगा वाजवत आली. सगळा फलाट मागे सरकला, हा तिथेच. डब्याची पिशवी हातात असलेल्या एका वयस्कर गृहस्थांनी त्याची सॅक धरून त्याला मागे ओढले. गाडी निघून गेली तेव्हा तेही गर्दीत निघून गेले होते. मुलाने आम्हाला हे चौथ्या दिवशी सांगितले, तेही जेवताना, ताटाकडे बघत. अल्लाहने वाचवले. त्या रात्री ते इअरबड्स कपाटाच्या खणात गेले आणि या घरात पुन्हा ही वस्तू नको, असे आम्ही ठरवून टाकले.

आता मुलगी म्हणत होती, "अब्बा, रोज दोन तास गाडीत जातात. कॉलेजची लेक्चर्स ऐकेन, तिलावत ऐकेन. भाईजानची चूक मी करणार नाही."

तिचे म्हणणे खोटे नव्हते. नया नगरमधून निघून हैदरी चौकातल्या रिक्षांच्या गर्दीतून वाट काढत स्टेशन गाठायचे आणि मग चर्चगेटपर्यंत चाळीसएक किलोमीटर लोकलने जायचे. आमच्या शहरातल्या हजारो घरांचा दिवस असाच सुरू होतो. मीरा-भाईंदरला २००२ साली महानगरपालिका मिळाली, उंच इमारती उभ्या राहिल्या, पण रोजीरोटी आणि शिक्षणासाठी निम्मे शहर अजून लोकलच धरते. शिवाय डब्यात कोणी ना कोणी मोबाइलचा स्पीकर लावून व्हिडिओ बघत असतेच. दुसऱ्याला त्रास न देता आपले आपण ऐकावे, हा शिष्टाचार मुलांना आपणच शिकवतो. मग त्याचे साधन नाकारायचे कसे? वायरचे इअरफोन तिने वापरून पाहिले होते. लेडीज डब्याच्या गर्दीत ती वायर कोणाच्या तरी पर्सच्या चेनमध्ये अडकते आणि उतरताना ओढली जाते.

म्हणून आम्ही ठरवले की नाही म्हणण्याआधी ही वस्तू नीट समजून घेऊ. एका शनिवारी असरनंतर आम्ही दोघे आणि मुलगी स्टेशनजवळच्या मोबाइलच्या दुकानांत फिरलो. हजार रुपयांच्या आतल्या जोडीपासून वीस-पंचवीस हजारांपर्यंत सगळे काचेमागे मांडलेले होते.

पहिली गोष्ट कळली ती अशी की इअरबड्स मुख्यतः दोन प्रकारचे असतात. एकाला रबराचे टोक असते, ते कानाचे भोक बंद करते. दुसरा प्रकार कानाच्या तोंडाशी नुसता टेकतो, त्यामुळे बाहेरचे आवाज आत येत राहतात. आम्ही लगेच दुसऱ्याकडे बोट दाखवले. भोंगा ऐकू आला पाहिजे, एवढेच आमच्या डोक्यात होते.

पण दुकानदाराने एक अडचण सांगितली. लोकलच्या खडखडाटात असे उघडे इअरबड्स लावले की काही ऐकू येत नाही, मग माणूस आवाज वाढवत नेतो. हे आम्हाला पटले. जागतिक आरोग्य संघटनेचा हिशेब असा आहे की ८० डेसिबलचा आवाज आठवड्याला ४० तासांपर्यंत चालतो, पण तो ९० डेसिबलवर गेला की मर्यादा फक्त ४ तासांवर येते. मुलीचा प्रवास आठवड्याला बारा तासांचा. म्हणजे आवाज ९० वर ठेवला तर मंगळवारी संध्याकाळीच तिचा आठवड्याचा वाटा संपणार. आतल्या कानातल्या सूक्ष्म केसपेशी एकदा मेल्या की पुन्हा उगवत नाहीत. भोंग्याच्या भीतीने घेतलेली वस्तू हळूहळू कानच घालवणार असेल, तर काय कमावले?

यावर उपाय म्हणून 'नॉइज कॅन्सलेशन' दाखवतात. इअरबडमधला छोटा माइक बाहेरचा आवाज टिपतो आणि आतला स्पीकर त्याच्या बरोबर उलट लहर सोडतो. दोन्ही एकमेकांना खोडतात. ही कल्पना प्रवासाशी जोडलेली आहे. १९७८ साली झुरिकहून बोस्टनला जाताना विमानाच्या घरघरीने वैतागलेल्या अमर बोस यांनी विमानातच तिचे गणित मांडायला घेतले. त्यांचे वडील बंगालमधून अमेरिकेत गेलेले. ही सोय चाकांची घरघर, पंखा, एसी असे सलग आणि जड आवाज चांगले दाबते. माणसांचे बोलणे आणि भोंगा तिला तितका दाबता येत नाही. मग मुलाला भोंगा का ऐकू आला नाही? रबराच्या टोकाने कान बंद होता आणि वरून गाणे मोठ्याने चालू होते. चूक यंत्राइतकीच सवयीची होती, हे आम्हाला त्या दुकानात उभे असताना उमगले.

चांगल्या जोडीत उलटी सोयही असते. 'ट्रान्सपरन्सी' सुरू केली की माइक बाहेरचा आवाज मुद्दाम आत आणतो. डब्यात शेजारीण "कुठे उतरणार?" म्हणून विचारते, ते ऐकू येते. लोकलने जाणाऱ्या भगिनींना या प्रश्नाची किंमत ठाऊक आहे. उत्तर दिले नाही तर बसायची पाळी जाते. आणि विरार गाडीत मीरा रोडला उतरायचे असेल, तर दहिसरच्या आधीच दरवाजाकडे सरकावे लागते. स्टेशनची घोषणा चुकली तर भाईंदरला नाही तर थेट खाडीपलीकडे नायगावला उतरायची वेळ.

मग आला स्कार्फचा प्रश्न. हा जाहिरातीत कुठेच लिहिलेला नसतो. लांब दांडीचे इअरबड्स स्कार्फ सारखा करताना अडकतात आणि निसटतात. गाडी आणि फलाटाच्या फटीत एक पडला की दुसऱ्याचा उपयोग अर्धा. गोल आणि जाडसर असतील तर स्कार्फच्या दाबाने तासाभरात कान दुखतो. बोटाच्या स्पर्शाने चालणारे असतील तर कापड घासले तरी गाणे बंद आणि फोन सुरू. म्हणून मुलीने मैत्रिणींच्या दोन-तीन जोड्या, पुसून घेऊन, स्कार्फ बांधूनच घरात लावून पाहिल्या. तिला आखूड दांडीचे, दांडी दाबल्यावर चालणारे सोयीचे वाटले.

पावसासाठी डब्यावरचा 'आयपी' आकडा पाहावा. आयपीएक्स४ म्हणजे घाम आणि पाण्याचे शिंतोडे चालतात. आयपीएक्स७ म्हणजे एक मीटर गोड्या पाण्यात अर्धा तास. पण हा आकडा बहुधा इअरबड्सचा असतो, ते ठेवायच्या डबीचा नाही. डबी छत्रीच्या ओल्या कप्प्यात ठेवू नये. सरकारच्या बीआयएस संस्थेचा 'आर' अक्षराने सुरू होणारा नोंदणी क्रमांकही पाहावा, तो बीआयएस केअर अ‍ॅपवर तपासता येतो. रस्त्यावर नामांकित कंपनीसारखा दिसणारा डबा चौथाई किमतीत मिळतो, पण त्याला ना बिल ना हमी. बॅटरी एकदा संपली की बहुतेक इअरबड्स दुरुस्त होत नाहीत, म्हणून हमीचा कागद जपून ठेवावा.

तिने निवडलेल्या प्रकारची जोडी बहिणीच्या मुलाकडे होती. ती मागून घेऊन रविवारी आम्ही भाईंदर पश्चिमेहून मनपाच्या बसने उत्तनला गेलो. मुर्धा, राई, मोर्वा ही जुनी गावे मागे पडतात, मिठागरे दिसतात, मग डोंगरी आणि पुढे समुद्र. बांबूंच्या मांडवांवर बोंबील वाळत होते. मुलगी किनाऱ्यावर उभी राहून घरी दादीशी फोनवर बोलली. दादीला वाऱ्याच्या फडफडीशिवाय काही समजले नाही. वाऱ्यात माइक हरतो, हे आम्ही तिथे शिकलो. गच्च भरलेल्या बसमध्ये फोन मागच्या सॅकमध्ये ठेवला तर आवाज तुटत होता, हातात घेतला की नीट येत होता. ब्लूटूथची लहर माणसांच्या गर्दीत अडते.

परतीच्या बसमध्ये आम्ही तिला विचारले, "बेटा, सगळ्यात चांगली जोडी घेतली, तरी फलाटावर काय करशील?"

ती म्हणाली, "काढून डबीत ठेवेन. बसायला मिळाल्याशिवाय लावणार नाही."

मुलगा इतका वेळ खिडकीबाहेर बघत होता. तो म्हणाला, "तिला घेऊन द्या. मी तर बसायच्या आधीच लावायचो."

आम्ही मधल्या किमतीची जोडी घेतली. नियम चारच ठरले. घरापासून फलाटापर्यंत, पुलावर आणि दारात उभे असताना कान मोकळे. डब्यात बसल्यावर घरघर दाबून कमी आवाजात ऐकायचे. फोनमध्ये आवाजाची वरची मर्यादा बांधून ठेवायची. बोरिवली आली की ट्रान्सपरन्सी सुरू, दहिसर आले की डबीत. थंडीत दादी उमराहला जाणार आहेत, तेव्हा विमानात ही जोडी त्यांना मिळेल. मात्र सीटसमोरचा पडदा बऱ्याच विमानांत वायरच्या इअरफोनवरच चालतो, म्हणून तिची जुनी वायरही त्यांच्या हातातल्या बॅगेत जाईल. इअरबड्सच्या डबीत लिथियम बॅटरी असते, तीही सोबतच्या बॅगेतच बरी.

कपाटातली जुनी जोडी मुलाने अजून मागितलेली नाही. मागेल तेव्हा देऊ.

परवा मगरिबच्या सुमारास आम्ही मुलीला घ्यायला स्टेशनवर गेलो. विरार गाडी आली, पुलावर माणसांचा लोंढा उतरू लागला. रिक्षांचे हॉर्न, भाजीवाल्यांची ओरड, घोषणा, सगळे एकदम. गर्दीत तिचा निळा स्कार्फ दिसला. आम्ही खालून एकदाच हाक मारली. तिने लगेच वळून पाहिले.