पाठमोरी माणसं

पाठमोऱ्या माणसाचा फोटो काढणं अवघड. चेहरा असला की निम्मं काम तोच करतो. मी अनेक वर्षं गे मित्रांचे फोटो पाठमोरेच काढले, कारण घरी कळलं असतं तर त्यांना घर सोडावं लागलं असतं. मागून उजेड घेऊन काळी आकृती करणं मी कधीच पत्करलं नाही. पेपरात आरोपी तसे छापतात. मला हवी असायची मानेवरची नुकतीच कापलेली केसांची रेघ, कॉलरची झिजलेली कड, मित्राच्या खांद्यावर विसावलेला हात. खिडकीचा उजेड बाजूने, मापन त्वचेवर. तरीही खांदे जरा आवळले गेले की अख्खा फोटो लाजलेला दिसतो. भीती मला चालायची, ती खरी होती. लाज नको होती.

छायाचित्रकार सुनील गुप्तांनी हे कोडं माझ्याआधी सोडवलं, याचा मला आजही हेवा वाटतो. १९७६ मध्ये न्यूयॉर्कच्या क्रिस्टोफर स्ट्रीटवर त्यांनी खुलेपणाने वावरणारे गे पुरुष टिपले. दहा वर्षांनी दिल्लीत 'एक्झाइल्स' ही छायाचित्रमालिका करताना त्यांनीच इंडिया गेट, हुमायूनची कबर अशा ठिकाणी माणसं उभी केली. कित्येकांचे चेहरे वळवलेले किंवा चौकटीबाहेर, आणि सोबत त्यांचे शब्द. जागा सगळ्यांच्या ओळखीची, माणूस मात्र कुणालाच न ओळखू येणारा. तरी पाठ टिपण्यात मुंबईत माझा हात धरणारं कोणी नाही, असं मी मानत आलो. अजूनही मानतो.

२०१८ च्या सप्टेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने समलैंगिक संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या ३७७ कलमाचा फास सोडवला. आता प्राइड मोर्चात सगळे कॅमेरे पंख लावलेल्या, रंगवलेल्या एकाच चेहऱ्याभोवती गोळा होतात. साध्या शर्टात शेवटपर्यंत चालणारा कारकून कोणालाच दिसत नाही. एकच चेहरा टिपण्याच्या या घाईचा मला मनापासून राग येतो.

परवा माझा एक जुना मित्र आला. नोकरीतून निवृत्त झालाय. म्हणाला, "आता समोरून काढ." मी कॅमेरा लावला आणि नजर सवयीने त्याच्या कानामागे गेली. चेहरा सगळं एकदम सांगून टाकतो. त्यातलं काय ठेवावं, तेच कळेना. माझ्याकडे शिकणारी मुलगी शेजारी उभी होती. "सर, त्यांच्याशी बोला ना," ती म्हणाली. पाठमोऱ्या माणसांशी मी काम करताना कधीच बोललो नव्हतो.

रविवारी तो पुन्हा येणार आहे. उजेड ती लावेल, गप्पाही तीच मारेल. बटण मात्र मीच दाबणार.